मालक नसलेल्या लाँड्रीतली अक्का

अक्काला ‘अक्का’ हे नाव कोणी ठेवलं ते आता कोणालाच आठवत नाही. लाँड्रीत बॉयलर सांभाळणारे काका तिच्या वडिलांच्या वयाचे, पण तेही तिला अक्काच म्हणतात. तिची सासू होती तोवर शेवटी शेवटी तीही म्हणायला लागली होती, “अक्का, माझा चष्मा बघ गं कुठाय.” फक्त नवरा तिला ‘अगं’ म्हणतो, तेही घरात. लाँड्रीच्या दारात आला की त्याच्याही तोंडून ‘अक्का आहे का?’ असंच निघतं, आणि मग तो इकडेतिकडे बघून घेतो, कोणी ऐकलं तर नाही ना.

हा नवरा शिंपी. लाँड्रीच्याच गल्लीत त्याचं दुकान. दुकानात मशीन एक, कामगार एक, मालक एक, आणि त्यातले शेवटचे दोघं एकाच पँटमध्ये. तरी अक्का त्याला घरात ‘भांडवलदार’ म्हणायची. “भांडवलदार, पानं घेतलीत, उठा आता,” अशी हाक स्वयंपाकघरातून यायची आणि हा बिचारा बोटातलं अंगुस्तान काढत मुकाट्याने उठायचा.

हा शब्द घरात आणला होता शिंप्याच्या धाकट्या भावाने. तो कॉलेजात अर्थशास्त्र शिकवायचा. दर रविवारी दुपारी जेवायला यायचा आणि जगातली सगळी संपत्ती मूठभर लोकांच्या हातात कशी गेली ते पहिल्या घासापासून ताक पिईपर्यंत समजावून सांगायचा. बोलणं खरं असायचं आणि तळमळीचं असायचं, पण भात मात्र निवायचा. एकदा तो शिंप्याला म्हणाला, “दादा, तू तर स्वतःच स्वतःचं शोषण करतोस.”

“काय करू,” शिंपी म्हणाला, “दुसरं कोणी सापडलं नाही.”

शिंप्याचा मुख्य धंदा शिवणाचा, आणि जोडधंदा बायकोचा अभिमान. कोणी पँटची उंची कमी करायला आलं की टेप गळ्यात टाकून हा आधी विचारायचा, “आमच्या घरच्यांचं कळलं का?” गिऱ्हाईक नाही म्हणायच्या आत तो सांगायला लागलेला असायचा. आणि खरं सांगायचं तर सांगण्यासारखं होतंही.

अक्का लाँड्रीत लागली तेव्हा घडीला होती. घडीचं काम दोघींचं. चादरीची दोन टोकं हिने धरायची, दोन तिने, मग एकमेकींकडे चालत यायचं, टोकं जुळवायची, मागे सरायचं, पुन्हा चालत यायचं. दिवसभर असं चालून अक्का कुठेही पोचत नसे. पण तिचं लक्ष असायचं पलीकडे, वाफेच्या प्रेसवर. खाली गादीचा पाट, वर तसाच दुसरा पाट. कपडा खालच्यावर पसरायचा, पेडल दाबायचं, वरचा पाट खाली येतो, वाफ सुटते, मग दुसरं पेडल दाबून वाफ ओढून घ्यायची. ऐकायला सोपं. करायला गेलं तर बाही चपटी होते, कॉलर वाकडी बसते आणि गिऱ्हाईक दारात येऊन उभं राहतं. अक्का हे सगळं घडी घालता घालता नुसतं बघून शिकली. प्रेसवाला म्हातारा होऊन घरी बसला तेव्हा मालकाने विचारलं, कोणाला येतं? अक्का चादर अर्धी टाकून पुढे झाली आणि जोडीदारीण उरलेली दोन टोकं धरून तशीच उभी राहिली.

तेव्हापासून प्रेस म्हणजे अक्का. वाफेच्या आवाजावरून तिला कळायचं की आत सुती आहे की लोकरी. शहरातल्या नाटकमंडळींचे झगे, वकिलांचे कोट, बँडवाल्यांचे गणवेश सगळे तिच्या हातून जायचे. मालक गिऱ्हाइकाला सांगायचा, “आमची प्रेस म्हणजे बघायलाच नको.” प्रेस करणारीचं नाव तो घ्यायचा नाही, घेतलं तर पगार वाढवायला लागेल अशी त्याला भीती.

मग एक दिवस या मालकाला धंद्याचा कंटाळा आला. कपडे धुण्यापेक्षा पैसे दुसरीकडे गुंतवले तर घरी झोपूनही वाढतात, असं त्याला कोणीतरी सांगितलं. त्याने संध्याकाळी सगळ्यांना बोलावून उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं आणि गाडीत बसून गेला.

दुसऱ्या दिवशी सगळे आले. जाणार कुठे? आत जाऊन आपापल्या जागी बसले आणि ठरवलं की आता उठायचं नाही. कोणीतरी घोषणा दिली. दुसऱ्याने दिली. तिसऱ्याला घोषणा सुचेना. आणि समोर इस्पितळाच्या चादरींचे गठ्ठे, आदल्या दिवशी आलेले, तसेच पडून. त्यांचा वास यायला लागला होता.

“या चादरी काही मालकाच्या नाहीत,” अक्का म्हणाली. “उद्या तिथल्या माणसांनी कशावर झोपायचं?”

“अक्का, आपण संपावर आहोत,” कारकून म्हणाला.

“संप मालकाशी ना? मग तो करा की बसून. मी चादरी टाकते.”

गंमत अशी की पाणी गरम होतं. बॉयलरच्या आवाजाने काकांचे कान अर्धे गेलेले. लाँड्री बंद झाल्याचं त्यांना कोणी ओरडून सांगितलंच नव्हतं. ते सकाळी नेहमीसारखे आले होते आणि बॉयलर पेटवून मोकळे झाले होते. चादरी धुतल्या गेल्या, पिळल्या गेल्या, वाळल्या, घड्या झाल्या, टेम्पोत चढल्या. दुपारचा चहा आला तेव्हा काकांनी कपातला चहा बशीत ओतत विचारलं, “आज मालक नाही आले?”

सगळे एकमेकांकडे बघायला लागले. मालक नव्हता आणि चादरी धुतल्या गेल्या होत्या. इतकी वर्षं हे कोणाच्या लक्षात आलं नव्हतं.

पुढे बऱ्याच भानगडी झाल्या. त्यातून शेवटी देण्याघेण्यापोटी मालकाने ती जुनी मशिनं यांच्या गळ्यात मारली आणि आपण सुटलो म्हणून तिकडे पेढे वाटल्यासारखा आनंद केला. इकडे लाँड्री चालू राहिली. मिळेल ते सगळ्यांत सारखं वाटायचं आणि ठरवायचं ते सगळ्यांनी हात वर करून ठरवायचं. पहिले काही महिने तर हात वर करण्याची इतकी हौस आली की खिडकी उघडायची का, यावर मत घेतलं जाई, आणि निकाल लागेपर्यंत वारा पडलेला असे. चहात साखर किती, हा प्रश्न साबण कुठला घ्यायचा यापेक्षा जास्त वेळ चालला. पण साबणही आला, चहाही गोड झाला आणि इस्पितळाच्या चादरी कधी उशिरा पोचल्या नाहीत.

शिंपी हे सगळं गिऱ्हाइकांना सांगायचा तेव्हा छाती गिऱ्हाइकाची मोजायचा आणि फुगायची याची.

ज्या रविवारी बिनसलं त्या रविवारी भाऊजी, म्हणजे शिंप्याचा तो धाकटा भाऊ, नेहमीसारखाच जेवायला आला होता. त्याने लाँड्रीचं तोंडभर कौतुक केलं आणि मग भातावर वरण घेत म्हणाला, “पण वहिनी, एक गोष्ट आहे. मालक गेला म्हणून मालकी जाते असं नाही.”

“म्हणजे?”

“म्हणजे मालक नुसता पैसा नाही राखत. कामाची समज पण स्वतःकडे राखतो. एकाला चादर, एकाला साबण, एकाला फोन. प्रत्येकाला तुकडा द्यायचा, अख्खं कोणालाच कळू द्यायचं नाही. मग सगळ्यांना वाटतं, हा नसला तर आपलं कसं होणार. तुमच्याकडे आता हे कोणाबद्दल वाटतं?”

अक्का वाढता वाढता थांबली. “कोणाबद्दल?”

“प्रेस तुमच्याशिवाय कोणाला येते?”

“कोणालाच नाही.”

“मग तुम्ही उद्या रुसून घरी बसलात तर?”

“मी कशाला रुसू?”

“रुसू नका. पण रुसू शकता, एवढं सगळ्यांना माहीत आहे. सभेत तुमच्या विरुद्ध हात वर करायच्या आधी माणूस दोनदा विचार करतो की नाही?”

त्या रविवारी भाऊजींना दुसऱ्यांदा भात विचारला गेला नाही. शिंप्याने भावाला दारापर्यंत सोडताना सांगितलं, “तू जगातल्या भांडवलदारांना काय हवं ते बोल. हिच्या प्रेसला हात लावू नकोस.”

आठवडाभर अक्का भांडी जरा जोरात ठेवत होती. आणि मग पुढच्या सभेत तिने स्वतःच ठराव मांडला, की यापुढे लाँड्रीत कोणाचंही काम कायमचं राहणार नाही. दर दोन महिन्यांनी सगळ्यांनी कामं बदलायची. जे सगळ्यांत घाणेरडं, म्हणजे इस्पितळाचे गठ्ठे सोडायचं, ते प्रत्येकाच्या वाट्याला येणार. आणि जे सगळ्यांत मानाचं, म्हणजे प्रेस, तेही. सगळ्यांनी बघितलं, अक्काने हात वर केलाय. मग बाकीच्यांनी केले. तिच्या विरुद्ध हात वर करायच्या आधी माणूस दोनदा विचार करायचा, हे भाऊजींचं म्हणणं तिथेच सिद्ध झालं.

चिठ्ठ्या टाकल्या. अक्काच्या वाट्याला फोन आला आणि कारकुनाच्या वाट्याला प्रेस.

कारकून हा मालकाच्या वेळेपासून काचेच्या खोलीत बसून फोन घेणारा माणूस. सज्जन, टापटीप, बोलणं लोण्यासारखं. एखाद्याचा शर्ट हरवला असला तरी फोनवर तो असं बोलायचा की समोरच्याला वाटावं, बरं झालं हरवला. त्याच्या खुर्चीत आता अक्का.

“लाँड्री. बोला.”

“माझा कोट आज मिळेल का?”

“नाही.”

“उद्या?”

“झाला तर.”

“अहो, लग्नाला जायचंय मला.”

“तुमचं आहे का?”

“माझं नाही.”

“मग दुसरा घाला.” आणि फोन खाली.

लोकांची तक्रार नव्हती, कारण तक्रार करायची तर फोन अक्काच घेणार. पण शिंप्याला घरी दिसत होतं ते वेगळंच. तिचे हात रिकामे राहिनात. जेवणं झाली की ती इस्त्री काढून बसायची. शिंप्याने शिवून ठेवलेल्या पँटी झाल्या, रुमाल झाले, उशांचे अभ्रे झाले. एकदा तो घरी आला तर ती वर्तमानपत्राला इस्त्री करत होती. दुसऱ्या दिवशी ओट्यावरचं फडकं कडक घडी घालून ठेवलेलं सापडलं, आणि त्याने ओटा पुसायची कोणाची छाती होईना.

“अगं, एवढी आठवण येते तर सांग सभेत,” शिंपी म्हणाला.

“कशाची आठवण?”

“प्रेसची.”

“माणूस आहे का ती, आठवण यायला,” असं म्हणून तिने त्याच्या अंगातला सदरा काढायला लावला, कारण त्याची कॉलर तिला बघवत नव्हती.

आणि मग कोट जळला.

शहराच्या बँडचे पांढरे लोकरी कोट आले होते, पितळी बटणांचे. बँडचा मोठा कार्यक्रम जवळ आला होता. त्यात बँडमास्तरचा कोट सगळ्यांत लांब, सगळ्यांत पांढरा. कारकुनाने तो पाटावर छान पसरला, सुरकुत्या काढल्या, बटणांवर फडकं टाकलं, पेडल दाबलं, वरचा पाट खाली आला. आणि काचेच्या खोलीत फोन वाजायला लागला.

फोन वाजत राहिला. एकदा, दोनदा, पुन्हा पुन्हा. कारकुनाची सगळी हयात त्या आवाजाला उठण्यात गेलेली. तो कधी धावला ते त्यालाच कळलं नाही. काचेच्या दारात त्याला अक्का आडवी गेली. ती आतून बाहेर धावत होती, कारण तिच्या नाकाला करपलेली लोकर लागली होती. हा तिच्या फोनकडे आणि ती त्याच्या प्रेसकडे, असे दोघं एकमेकांना ओलांडून आपापल्या जुन्या जागी पोचले. कारकुनाने फोन उचलून “नमस्कार, लाँड्री, काय सेवा करू?” म्हटलं, तेव्हा अक्का वरचा पाट उचलत होती. कोटाच्या पाठीवर भाजलेल्या पापडासारखा एक मोठा डाग उठला होता.

कोट शिंप्याकडे आला. त्याने तो उलटा केला, सुलटा केला, उजेडात धरला. पाठीचा खालचा सबंध भाग काढून नवा घालायला लागणार होता. तसं पांढरं कापड शोधायला तो सगळा बाजार फिरला आणि शेवटी त्याच बँडच्या एका जुन्या, फाटक्या कोटातून तुकडा मिळवला. जोड अशा जागी घेतली की निदान अर्धी पट्ट्याखाली झाकली जाईल.

काम चालू असताना लाँड्रीतली घडीवाली येऊन सांगून गेली, “आज संध्याकाळी सभा आहे. सगळ्यांचं ठरलंय. कामं बदलायचं पुरे झालं. प्रेस कायमची अक्काकडे, आणि अक्कालाच मुख्य करायचं. एक कोणीतरी वरचं पाहिजेच.”

शिंप्याच्या हातातली सुई थांबली. बायको मुख्य. आता काय, घरचं माणूस मॅनेजर. संध्याकाळपर्यंत त्याने ही बातमी सलूनवाल्याला, पलीकडच्या घड्याळवाल्याला आणि उंची कमी करायला आलेल्या तिघांना सांगून टाकली. एकाने अभिनंदन म्हणून हात मिळवला तेव्हा तो नम्रपणे म्हणाला, “अजून सही व्हायचीय.” कसली सही आणि कोणाची, ते त्यालाही माहीत नव्हतं.

सभा लाँड्रीतच, धुलाईच्या मशिनांपुढे भरली. बसायला गठ्ठे. शिंपी सभासद नव्हता, पण कोट त्याच्याकडे म्हणून तोही मागे दाराजवळ उभा राहिला, कोट लहान मुलासारखा हातावर आडवा घेऊन. कारकून सगळ्यांत पुढे बसला होता, मान खाली घालून.

“माझी चूक आहे,” तो म्हणाला. “मला परत फोनवर बसवा. मला ते येतं. ज्याला जे येतं त्याने ते करावं.”

“बरोबर बोलला,” घडीवाली म्हणाली. “आणि अक्का, तू आता आढेवेढे घेऊ नकोस. तू मुख्य हो. तू सांगशील ते आम्ही करू. रोज रोज हात वर करून माझा खांदा गेलाय.”

लोक हसले आणि हो हो म्हणाले. बॉयलरकाकांना ऐकू आलं नव्हतं, पण सगळे हो म्हणतायत म्हणून त्यांनीही मान हलवली. शिंप्याने कोट सावरला आणि अक्काच्या चेहऱ्याकडे बघितलं. तो चेहरा त्याला पाठ होता. तिला हवं होतं. प्रेस हवी होती, अगदी तहान लागावी तशी हवी होती, आणि ती आता सगळे मिळून तिच्या हातात ठेवत होते.

अक्का उठली. “फोन का वाजत राहिला, हे कोणी विचारलं का?”

सगळ्यांनी काचेच्या खोलीकडे बघितलं.

“मी फोनच्या शेजारीच बसले होते. हात लांब केला असता तर उचलता आला असता. मी उचलला नाही. माझा कान प्रेसकडे होता. हा बटणांवर फडकं टाकतो की नाही, पेडल कधी दाबतो, सगळं मी तिथे बसून ऐकत होते. दोन महिने हेच करतेय. फोन मी घेतलाच नाही आणि प्रेस मी सोडलीच नाही. मग तो धावला. त्याला बोल लावायचा तर अर्धा मला लावा.”

“बरं, अर्धा तुला लावला,” घडीवाली म्हणाली. “तरी मुख्य तूच हो.”

“आणि मुख्य झाल्यावर माझं चुकलं तर मला सांगणार कोण?”

खरंच, सांगणार कोण? आणि मागून, दाराजवळून, शिंप्याच्या तोंडून आपोआप निघून गेलं:

“मी सांगतो की घरी. काही उपयोग होत नाही.”

आधी घडीवाली हसली. मग कारकून, बऱ्याच दिवसांनी. मग हसणं गठ्ठ्यागठ्ठ्यांवरून पसरत काकांपर्यंत गेलं. काकांनी काय झालं म्हणून विचारलं, त्यांच्या कानात कोणीतरी ओरडून सांगितलं आणि काका एकटेच दुसऱ्यांदा हसले.

अक्का हसली नाही. तिने शिंप्याकडे बोट दाखवलं. “ऐकलंत? या माणसाबरोबर मी संसार करतेय. भला माणूस आहे. माझं चुकलं की सांगतो. मी एकदाही ऐकलेलं नाही. आणि तुम्ही मला सगळ्यांच्या डोक्यावर बसवायला निघालात? त्या मालकाला निदान धंद्याचा कंटाळा आला आणि तो गेला. मला कंटाळा यायचा नाही. मी मरेपर्यंत बसेन.”

शिंप्याच्या लक्षात आलं की आपल्या एका वाक्याने बायकोची मॅनेजरकी गेली. सलूनवाला, घड्याळवाला आणि ते तिघं एका रांगेत त्याच्या डोळ्यांपुढून गेले.

“मग कोट पुन्हा जळला तर?” कोणीतरी विचारलं.

“म्हणून असं करू,” अक्का म्हणाली. “चुकलं ते कामं बदलण्यात नाही. आपण चिठ्ठी काढली आणि माणसाला नुसतं ढकललं. यापुढे ज्याला काम येतं त्याने नव्याच्या शेजारी उभं राहायचं, त्याचा हात बसेपर्यंत. शिकवणं हेसुद्धा कामच धरायचं. आणि शिकवणाऱ्याने हात लावायचा नाही.”

“तुला जमणार आहे का, हात न लावता?” घडीवालीने विचारलं.

“नाही,” अक्का म्हणाली. “माझे बांधा.”

मत घेतलं. घडीवालीने दुखऱ्या खांद्याचा हात सगळ्यांच्या आधी वर केला.

दुसऱ्या दिवशी सकाळी बँडमास्तर स्वतः येऊन उभा राहिला. पोट, मिशा आणि आवाज तिन्ही पुढे. शिंप्याने दुरुस्त केलेला कोट पाटावर ठेवला. शिवण त्याने जीव ओतून केली होती, पण प्रेस न झालेली शिवण ही शेवटी कच्चीच. तिच्यावर प्रेस नीट बसली तर जोड नाहीशी होणार, नाहीतर पाठीवर रेघ उठणार आणि शहरभर दिसणार. पाटापुढे कारकून. त्याच्या शेजारी अक्का, दोन्ही हात पाठीमागे, मनगटांना तिच्याच एप्रनची नाडी, आणि गाठ घडीवालीने मारलेली. ती गाठ सैल असण्याची शक्यता नव्हती.

“हे काय आहे?” बँडमास्तरने विचारलं. “या बाईंना पकडलंय का?”

“प्रेस शिकवतायत,” शिंपी म्हणाला.

“जोड आधी,” अक्का कारकुनाला म्हणाली. “तळवा ठेव. गरम लागतंय? मग थांब. आता ताण. तेवढा नको, कापड आहे ते, नातेवाईक नाही.”

कारकुनाने कापड सैल सोडलं. पेडल दाबलं. वरचा पाट खाली आला, वाफ सुटली, आणि तेवढ्यात फोन वाजला.

कारकुनाचा एक पाय हलला. अक्काचे खांदे हलले, पण हात बांधलेले. ती हळूच म्हणाली, “तो वाजू दे. तू वाफ ऐक.” घडीवाल्यांच्या हातात चादर, काका बॉयलरपाशी, आणि फोन वाजतोय. शिंपी इकडेतिकडे बघत शेवटी काचेच्या खोलीत गेला आणि त्याने तो उचलला.

“लाँड्री,” तो म्हणाला.

“मालक आहेत का?” पलीकडून विचारलं.

“नाहीत.”

“कधी येतील?”

“येणार नाहीत. काम काय ते सांगा.”

तो बाहेर आला तेव्हा पाट वर उचललेला होता. कोट पांढरा, सपाट पडला होता. शिंप्याने आपली जोड शोधली. ती कुठे आहे ते त्याला माहीत होतं म्हणून सापडली. बँडमास्तरने कोट उचलून उजेडाला धरला, पुढून बघितला, मागून बघितला, अंगात घातला, आणि कवायतीला वळावं तसा वळला.

“कोणी केला?” त्याने विचारलं.

“मी,” कारकून म्हणाला. या माणसाने इतकी वर्षं फोनवर ‘आम्ही बघतो’, ‘आम्ही कळवतो’ असंच म्हटलं होतं. ‘मी’ म्हणताना त्याचा आवाज जरा फाटला.

अक्काचे डोळे भरले होते आणि पुसायला हात नव्हते. शिंप्याने खिशातून रुमाल काढला, तिचे डोळे टिपले आणि हळूच विचारलं, “सोडू का गाठ?”

“नको,” ती म्हणाली. “अजून सगळ्या बँडचे कोट बाकी आहेत.”

आणि ते सगळे कोट कारकुनाने केले. प्रत्येक कोटाला ती शेजारी उभी राहिली, बोलत राहिली, दटावत राहिली. शेवटच्या काही कोटांना ती बोललीच नाही. शिंपी दारात उभा राहून बघत होता. प्रेसवरची अक्का त्याने आयुष्यभर बघितली होती आणि तिच्याबद्दल गल्लीभर सांगितलं होतं. पण असं शेजारी उभं राहून, आपल्या हातातली गोष्ट दुसऱ्याच्या हातात जाताना बघणारी आणि तिला जाऊ देणारी अक्का त्याने पहिल्यांदाच बघितली. ही गोष्ट गिऱ्हाइकाला कुठून सांगायला सुरुवात करावी, तेच त्याला कळेना.

तरी सांगावं लागलंच. दुपारी दुकान उघडलं तोच सलूनवाला खुर्चीत येऊन बसला, सदऱ्याचं माप द्यायला.

“काय मग, मॅनेजरीणबाईंचे यजमान,” तो म्हणाला. “झाली का सही?”

शिंप्याने टेप गळ्यातून काढली. “देत होते,” तो म्हणाला. “सगळे मिळून देत होते. नको म्हणाली.”

“नको म्हणाली?”

“नको म्हणाली. आणि कारण मी सुचवलं.” हे बोलताना तो कालच्यापेक्षा दीड बोट उंच झाला होता.

सलूनवाल्याने जरा विचार केला. “पण मग आता तिथे वर कोण आहे?”

“वर पत्रे आहेत,” शिंपी म्हणाला. “उठा, हात बाजूला करा, छाती मोजायचीय.”